ठाण्याचीं पंधरा घरें

अर्नाळ्याच्या किनाऱ्यावरून होडीनें बेटावरच्या किल्ल्यांत गेलें म्हणजे एकाच तटाच्या आंत त्र्यंबकेश्वराचें देऊळ आणि मुसलमान साधूंचा दर्गा अशीं दोन्ही स्थानें दृष्टीस पडतात. गुजराथच्या सुलतानांच्या अमलांत १५१६ सालीं येथें कोट उभा राहिला. पुढें तो पोर्तुगीजांकडे गेला, आणि १७३७ सालीं मराठ्यांच्या हातीं आल्यावर बाजीरावाच्या नांवाचा शिलालेख तेथें बसला. हें सर्व पाहून आमचे विद्यार्थी बहुधा दोहोंपैकीं एक उद्गार काढतात. एकास येथें सहिष्णुतेचा आदर्श दिसतो, दुसऱ्यास जुलमाची खूण. होडीचें भाडें चुकतें होण्यापूर्वींच निकाल लागलेला असतो! आम्हांस दोन्ही निकाल सारखेच उतावीळ वाटतात, आणि त्याचें कारण याच किनाऱ्यावरच्या, या किल्ल्याहून पुष्कळ जुन्या अशा कांहीं नोंदींत आहे.

मुसलमानी राज्यांतील अन्यधर्मीय प्रजेस धर्मशास्त्रांत ‘जिम्मी’ म्हणत. त्यानें जिझिया द्यावा आणि त्याबद्दल राज्यानें त्याच्या जीविताचें, मालमत्तेचें व उपासनेचें रक्षण करावें, असा हा करार होता. हनफी पंथाप्रमाणें श्रीमंतास वर्षाला ४८, मध्यमास २४ व गरिबास १२ दिरहम असा दर होता. स्त्रिया व मुलें यांस माफी होती. ७१२ सालीं महंमद बिन कासीमनें सिंध जिंकल्यावर हीच व्यवस्था तेथील हिंदूंना व बौद्धांना लागू केली. करारांत संरक्षण होतें, परंतु बरोबरी नव्हती, हें आरंभींच सांगितलें पाहिजे. शास्त्रकारांनींहि तें लपविलेलें नाहीं. मात्र शास्त्र वाचून जिम्मीचें जीवन कळतें, असें समजणें म्हणजे दंडसंहिता वाचून गांवगाडा समजला असें म्हणण्यासारखें आहे.

आमच्या किनाऱ्यावर मुसलमान प्रथम आले ते राज्यकर्ते म्हणून नव्हे, तर अल्पसंख्य व्यापारी म्हणून. ९१६ च्या सुमारास अल्-मसूदीनें चौल येथें त्यांची मोठी वसाहत पाहिली. हिंदु राजानें त्यांचे तंटे त्यांच्यांतीलच एका मुख्याकडे सोंपविले होते व त्या मुख्यास ‘हुनरमन’ म्हणत. अर्नाळ्याच्या उत्तरेस, वैतरणेच्या मुखापलीकडे, चिंचणी येथें सांपडलेला ९२६ सालचा ताम्रपट याहून नवलाचा आहे. त्यांत राष्ट्रकूट राजानें संजाणच्या मंडलावर नेमलेला अधिकारी ताजिक, म्हणजे अरब, असून त्याचें नांव मधुमति असें दिलें आहे. ‘महंमद’ या नांवाचें हें संस्कृत रूप! या गृहस्थानें संजाणला नदी उतरण्यासाठीं मोफत नाव ठेविली, अन्नसत्र घातलें, आणि भगवतीच्या मठास जमीन मिळण्यास संमति दिली. हा हिंदु राजाचा नोकर होता, म्हणून ही मुसलमानी राज्याची साक्ष नव्हे, हें कबूल. पण ज्याला त्याला आपापल्या मुख्याच्या स्वाधीन करून राज्य चालविण्याची रीत एकट्या मुसलमानांची नव्हती, एवढें यावरून दिसतें.

खरी कसोटी लागली ती दिल्लीचा अंमल कोंकणांत आल्यावर. १३२१ सालीं ठाण्यास दिल्लीचा मलिक व काजी होते. त्या वर्षीं होर्मूझहून निघालेले चार फ्रान्सिस्कन ख्रिस्ती तेथें उतरले. टोलेंटिनोचा थॉमस हा त्यांचा प्रमुख. त्यांचा सोबती जॉर्डेनस हा डोमिनिकन त्या वेळीं ठाण्याबाहेर गेला होता. ओडोरिक या प्रवाशाच्या वृत्तांताप्रमाणें ठाण्यांत नेस्टोरियन ख्रिस्त्यांचीं पंधरा घरें होतीं व पाहुणे त्यांतल्याच एका घरीं राहिले. एके दिवशीं त्या घरांत नवराबायकोचें भांडण झालें, नवऱ्यानें बायकोस मारलें, आणि ती फिर्याद घेऊन काजीकडे गेली. पुरावा काय, असें काजीनें विचारतांच घरच्या पाहुण्यांनीं हें पाहिलें आहे, असें तिनें सांगितलें. पाहुण्यांना बोलावणें गेलें. साक्ष राहिली बाजूला आणि धर्मचर्चा सुरू झाली. पैगंबराविषयीं मत विचारलें असतां थॉमसनें अत्यंत कठोर शब्द उच्चारले. पुढें मलिकानें त्यांना खाडीपलीकडे सुरक्षित पोंचविलें, परंतु काजीच्या आग्रहापुढें तो वांकला आणि रात्रीं मारेकरी गेले. चौघेहि ठार झाले.

हुतात्म्यांचें चरित्र म्हणून ही कथा युरोपांत वाचली गेली. आमचें लक्ष त्या मार खाल्लेल्या बाईकडे जातें. घरांतल्या भांडणासाठीं एक ख्रिस्ती स्त्री बेधडक काजीच्या दारीं जाते, आणि काजी तिला हांकलून न देतां पुरावा मागतो! लिहिणाराला यांत सांगण्यासारखें कांहीं वाटलें नाहीं. ती रोजचीच गोष्ट असली पाहिजे. ज्या दारीं तिला न्याय मागतां येत होता, त्याच दारीं तिच्या पाहुण्यांचा जीव गेला. जिम्मीचें सारें आयुष्य या दोहोंमध्यें होतें. पिढ्यान्‌पिढ्या येथें राहिलेल्या पंधरा घरांना कोठें बोलावें व कोठें गप्प बसावें हें पाठ असणार; परक्या साधूंना तें ठाऊक नव्हतें, किंवा ठाऊक असूनहि त्यांना तें मान्य नव्हतें. अशा मौनावर टिकलेल्या शांततेस सहिष्णुता म्हणण्यास आमची जीभ रेटत नाहीं. तथापि ओडोरिक असेंहि सांगतो कीं, ही वार्ता कळल्यावर दिल्लीच्या बादशहानें त्या मलिकासच देहांत शासन दिलें. राज्य एकच, पण काजी, मलिक व बादशहा तीन दिशांना ओढीत होते.

जॉर्डेनसनें मृतांचे देह अर्नाळ्यापासून चार-पांच मैलांवरच्या सोपाऱ्यास आणून तेथील चर्चमध्यें पुरले. थोड्याच वर्षांनीं ओडोरिकनें त्यांच्या अस्थि चीनला नेल्या. जॉर्डेनसच्या ग्रंथांत तुर्कांनीं असंख्य देवळें व अनेक चर्चें पाडून त्यांच्या मशिदी केल्याची नोंद आहे, आणि त्याच ग्रंथांत छप्पर नसलेल्या बुरुजांत प्रेतें ठेवणाऱ्या अग्निपूजकांचेंहि वर्णन आहे. पारशी आपला आचार उघडपणें पाळीत होते, हें उघड आहे. पुढें १३२४ सालीं ठाण्याहून लिहिलेल्या पत्रांत आपला छळ झाल्याचें जॉर्डेनसनें सांगितलें आहे. पण त्याआधीं, त्या हत्येनंतर सहाच महिन्यांनीं, ऑक्टोबर १३२१ मध्यें त्यानें इराणांतील आपल्या बंधूंना पत्र धाडलें. धर्मप्रचारक पाठविण्यास योग्य अशीं तीन स्थळें त्यानें त्यांत सुचविलीं. भडोच, कोल्लम आणि हेंच सोपारा.