सकता, फालिज आणि अब्बांची गिनती

शेरात एखादी मात्रा कमी पडून वजन तुटलं, की उर्दूत म्हणतात, ‘इथे सकता आहे.’ वर्गात हे शिकवत मला कैक वर्षं झाली. सकता हे एका दुखण्याचंही नाव आहे, हे मात्र भंडाऱ्याला अब्बांच्या खाटेपाशी बसल्यावर ध्यानात आलं. मूळ अरबी धातूचा अर्थ गप्प होणं.

इब्न सीना (मृत्यू १०३७) ‘अल-कानून’मध्ये तीन दुखणी वेगळी मांडतो. शुद्ध आणि हालचाल दोन्ही गेली तर सकता. अर्धं अंग लुळं पडलं तर फालिज. या शब्दाच्या मुळाशी ‘दोन भाग करणं’ आहे, म्हणजे आपला अर्धांगवायूच. तोंड वाकडं झालं तर लकवा. आपण सरसकट लकवा म्हणून मोकळे होतो.

अब्बांचा उजवा हात गेला, वाचा गेली. ‘पानी’ म्हणता येईना, पण सूरह फातिहा न अडखळता पूर्ण म्हणायचे. कुणी त्याला करामत म्हणालं, कुणी नाटक. लंडनच्या ह्यूलिंग्ज जॅक्सन यांनी एकोणिसाव्या शतकातच लिहून ठेवलंय, की नवं वाक्य जुळवण्याची शक्ती जाते तेव्हाही तोंडात बसलेलं उरू शकतं.

१८६१ साली पॅरिसजवळच्या इस्पितळात ब्रोका यांनी फक्त ‘टॅन’ एवढंच म्हणू शकणारा रुग्ण तपासला. इथे किती वर्षं आहेस, असं विचारल्यावर त्याने पंजा चारदा उघडला आणि मग एक बोट दाखवलं. एकवीस. वाचा गेलेली, हिशेब शाबूत.

अब्बांचं उलट झालं. तीन महिन्यांत बोलणं बरंच परतलं, आम्ही मिठाई वाटली. डोक्याचं कुणी विचारलंच नाही. पितळी भांड्यांच्या दुकानात ज्यांचा तोंडी हिशेब कधी चुकला नाही, त्यांना दोनशेतून ऐंशी गेले की किती उरतात ते सांगता येईना. असरच्या नमाजात तिसरी रकात की चौथी, हेही विसरायचे. बोलणारा माणूस बरा झाला, असं धरून आम्ही वर्षभर त्यांच्यावरच चिडत राहिलो.

हैदराबादच्या निम्समध्ये डॉ. सुवर्णा अल्लाडी आणि सहकाऱ्यांनी स्ट्रोकच्या ६०८ रुग्णांच्या नोंदी पाहिल्या; हे काम २०१६ साली प्रसिद्ध झालं. एकाहून जास्त भाषा बोलणाऱ्यांत स्ट्रोकनंतर ४०.५ टक्के लोकांची बुद्धी शाबूत होती, एकच भाषा बोलणाऱ्यांत १९.६ टक्के. वाचा जाण्याचं प्रमाण दोन्हीकडे जवळपास सारखंच. भाषा शिकवणाऱ्याला हे वाचून बरं वाटतं खरं. पण अब्बा घरी उर्दू, दुकानात झाडीबोली आणि बाहेरच्या व्यापाऱ्यांशी हिंदी बोलत आले. तरी ते त्या चाळिसांत बसले नाहीत.

आता ते मशिदीत खुर्चीवर बसून जमातीने नमाज पढतात. रकाती इमामसाहेब सांभाळतात. संध्याकाळी नातीसोबत चिल्लर मोजतात. वीसपर्यंत मराठीत, पुढे उर्दूत.