वायरचा रिमोट

भाऊबीजेला बहीण मुलांना घेऊन आली आणि दुसऱ्या दिवशी माळ्यावरची पत्र्याची पेटी खाली उतरली. धाकट्या भाच्याच्या हाताला पहिल्यांदा लागला तो एक चपटा, करडा तुकडा. डाव्या बाजूला अधिकच्या खुणेसारखं बटण, उजवीकडं दोन लाल बटणं, आणि मागं गुंडाळी करून रबर लावलेली वायर. त्यानं तो उलटसुलट करून बघितला आणि विचारलं, "मामा, ह्या रिमोटला वायर कशाला लावलीया?"

मी त्याच्या शब्दापाशीच थांबलो. वस्तू त्यानं जन्मात पहिल्यांदा पाहिली होती, तरी नाव तेच घेतलं. कोल्हापूरजवळच्या गडमुडशिंगीत आम्ही पोरं नव्वदीत त्याला रिमोटच म्हणायचो. कंट्रोलर हा शब्द आमच्या गावी नव्हता. 'दुसरा रिमोट कुणाकडं हाय?', 'रिमोट ठेव, माझा डाव हाय', असंच चालायचं. रिमोट म्हणजे लांबचा. आमचा तर दीड हाताच्या दाव्यानं डब्याला बांधलेला. तरी नाव तेच पडलं, कारण टीव्हीसमोर बसून हातात धरायची दुसरी वस्तू आम्हाला ठाऊकच नव्हती.

आज त्याच खोलीत टीव्हीच्या पाठीमागं अंगठ्याएवढी स्टिक खोचलेली आहे. ती घेतली सिनेमे बघायला, पण पोरांनी पहिल्या आठवड्यातच तिच्यात गेम शोधून काढले. आता ती खरोखरच रिमोटवर गेम खेळतात. म्हणजे नाव आधी पडलं आणि वस्तू पंचवीस-तीस वर्षांनी त्या नावाला जागली. हे कसं घडलं ते बघायचं, तर दोन घराण्यांची कुळकथा सांगावी लागते. एक घराणं टीव्हीच्या रिमोटचं, दुसरं गेमच्या रिमोटचं.

पहिल्या घराण्याचा मूळपुरुष भाच्याच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर देतो. अमेरिकेतल्या झेनिथ कंपनीनं 1950 साली टीव्हीचा रिमोट काढला, त्याचं नाव 'लेझी बोन्स'. त्याला वायर होती! टीव्हीपासून खुर्चीपर्यंत खोलीभर वायर पसरायची आणि लोक तिच्यात पाय अडकून पडायचे. म्हणून 1955 मध्ये त्याच कंपनीच्या युजीन पॉली यांनी बिनवायरीचा 'फ्लॅशमॅटिक' केला. तो दिसायला चक्क पिस्तुलासारखा होता. टीव्हीच्या चार कोपऱ्यांत प्रकाश ओळखणारे डोळे बसवलेले, आणि पिस्तुलातून उजेडाचा झोत ज्या कोपऱ्यावर मारावा त्या कोपऱ्याला नेमलेलं काम व्हायचं. खिडकीतून ऊन आत आलं की टीव्ही आपोआप चॅनेल बदलायचा, ही त्याची खोड. पुढच्याच वर्षी रॉबर्ट ॲडलर यांनी माणसाला ऐकू न येणाऱ्या ध्वनीवर चालणारा रिमोट केला. त्याला सेलही लागत नव्हते. आतल्या ॲल्युमिनियमच्या कांड्यांवर छोटी हातोडी बसायची, एवढंच. या घराण्याचा सगळा प्रवास एकाच दिशेनं झाला, माणसाला जागेवरून उठू न देण्याच्या.

दुसरं घराणं नेमकं उलट्या विचारातून निघालं. राल्फ बेअर हा जर्मनीत जन्मलेला ज्यू मुलगा 1938 मध्ये कुटुंबासह तिथून निसटून अमेरिकेत आला आणि पुढं इंजिनियर झाला. 1966 च्या ऑगस्टअखेरीस न्यूयॉर्कमध्ये बसस्थानकाबाहेर एका सहकाऱ्याची वाट बघत असताना त्याच्या डोक्यात आलं, की घराघरात टीव्ही पडून आहे. टीव्ही स्टेशनवरून येईल तेवढंच बघण्यापलीकडं त्याच्याकडून काही करून घेता येईल का? दुसऱ्या दिवशी त्यानं चार पानांचं टिपण लिहिलं. गेमच्या डब्यानं टीव्हीच्या रिकाम्या चॅनेलवर स्वतःचं छोटंसं प्रक्षेपण करायचं, ही त्यातली कल्पना. तिच्यातूनच 1972 मध्ये मॅग्नाव्हॉक्स कंपनीचा 'ओडिसी' बाजारात आला. त्यात आवाज नव्हता, रंग नव्हते. काचेवर पांढरे ठिपके हलायचे, आणि मैदान दिसावं म्हणून काचेवर रंगीत प्लास्टिकचा पडदा चिकटवायचा. आपल्याकडं मुंबई दूरदर्शन सुरू झालं ते त्याच वर्षी, 2 ऑक्टोबरला. आपण टीव्ही बघायला शिकत होतो तेव्हा तिकडं लोक त्याच्याशी खेळू लागले होते.

बेअरच्या विचारातली एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. त्यानं गेमसाठी नवी काच मागितली नाही. घरात जी आहे, घरातल्या सगळ्यांची आहे, तीच त्यानं थोडा वेळ उसनी घेतली. तिथून पुढं टीव्हीवरचा गेम हा कायम पाहुणाच राहिला. आजची स्टिकसुद्धा त्याच नात्यानं घरात येते.

आमच्या पेटीतल्या करड्या तुकड्याचा थेट पूर्वज जपानचा. निन्टेन्डोनं 15 जुलै 1983 ला 'फॅमिली कॉम्प्युटर' काढला. त्याच्या रिमोटवरचं अधिकचं बटण गुनपेई योकोई यांनी आदल्या वर्षी खिशात मावणाऱ्या 'डाँकी काँग' या गेमसाठी घडवलं होतं. त्याआधी दांडा धरून खेळायचे. योकोईंनी दांडा काढून चार दिशा एका बोटाखाली आणल्या. तैवानमधल्या कारखान्यांनी या यंत्राच्या हुबेहूब नकला केल्या, आणि त्या नकला 'मायक्रो जीनियस', 'लिटल मास्टर', 'मीडिया' अशा नावांनी भारतभर पसरल्या. अस्सल जपानी डबा आमच्यापैकी कुणी पाहिला नाही. आमच्यासाठी नक्कल हीच अस्सल.

गावात तो डबा पहिल्यांदा आला तो मे महिन्यात, भाड्यानं. चार पोरांनी वर्गणी काढायची, एकानं सायकलीवर कोल्हापूरला जायचं आणि पिशवीतून डबा, दोन रिमोट, एक पिवळी कॅसेट आणायची. मग टीव्हीच्या मागची केबलची वायर उपसायची, तिथं गेमची वायर खोचायची आणि मुंग्या नाचणाऱ्या पडद्यावर चित्र येईपर्यंत चॅनेल फिरवत राहायचं. वडील हुपरी रोडनं घराकडं वळलेले दिसले, की दारातलं पोरगं ओरडायचं आणि आत वायरींची अदलाबदल व्हायची.

कॅसेटवर लिहिलेलं असायचं '9999999 इन 1'. प्रत्यक्षात मोजकेच गेम, तेच नाव बदलून किंवा मधल्या टप्प्यापासून पुन्हापुन्हा. मारिओ, टँकचा गेम, बदकांचा गेम आणि कॉन्ट्रा. कॉन्ट्रात तीनच जीव मिळायचे. पण सुरुवातीला वर वर खाली खाली, डावं उजवं डावं उजवं आणि मग ती दोन बटणं दाबली की तीस जीव. पाढा म्हणावा तसं आम्ही हे एका सुरात म्हणायचो. ही खुबी काझुहिसा हाशिमोतो या कोनामीच्या प्रोग्रामरची. 'ग्रेडियस' नावाचा दुसराच गेम 1986 मध्ये तपासताना तो त्यालाच जड जाऊ लागला, म्हणून त्यानं स्वतःपुरती चोरवाट ठेवली आणि ती काढायची राहून गेली. जपानी माणसाची ती चोरवाट मुडशिंगीच्या पोरांना बे एके बे इतकी पाठ होती.

रिमोटचं बटण चालेना झालं की दुरुस्ती घरीच. मागचे स्क्रू काढले की आत एक हिरवी पट्टी, तिच्यावर रबराची चादर आणि त्या रबराच्या पोटाला काळे गोल ठिपके. ठिपका कार्बनचा. बटण दाबलं की तो पट्टीवरच्या दोन रेषांना जोडतो आणि वीज वाहते. ठिपका झिजला की त्यावर मऊ शिसपेन्सिल घासायची, कारण शिसपेन्सिलीतल्या ग्रॅफाइटमधूनही वीज जाते. भाच्यासमोर मी परवा हेच केलं. त्या पट्टीवर एक छोटी काळी चिप असते. आठही बटणांची स्थिती ती एकाच क्षणी टिपून घेते आणि एकामागोमाग एक डब्याकडं पाठवते. म्हणून आमच्या रिमोटवर पळता पळता उडी मारून उडीतच गोळी झाडता यायची. हे सगळं पाच तारांत बसायचं. वायर कशाला, याचं उरलेलं निम्मं उत्तर हे.

डब्याबरोबर प्लास्टिकची बंदूकही यायची. ती चालायची कशी, हे मला फार उशिरा कळलं. घोडा ओढला की पडदा क्षणभर काळा होतो आणि बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटतो. डोळ्याला ते जेमतेम जाणवतं, पण नळीतल्या डोळ्याला पुरेसं होतं. समोर काळ्यानंतर पांढरं दिसलं तर बदक पडलं. म्हणजे गोळी बंदुकीतून टीव्हीकडं जातच नव्हती, टीव्हीचा उजेडच बंदुकीत येत होता. पॉलींच्या 1955 च्या पिस्तुलाची ही बरोबर उलटी रीत.

या यंत्रणेला एक अट होती. डब्यानं चित्र पाठवलं की ते त्याच क्षणी काचेवर उमटलं पाहिजे. जुन्या पोटाड्या टीव्हीत ते व्हायचं. सेकंदाला 50 वेळा किरण काच रंगवून जायचा आणि मध्ये कुठं थांबायचा नाही. सपाट टीव्ही मात्र आलेलं चित्र आधी साठवतो, साफ करतो, ताणून आपल्या मापात बसवतो आणि मग दाखवतो. सेकंदाचा शंभरावा भाग म्हणा, पाच शतांश म्हणा, पण उशीर होतोच. परवा आम्ही जुना डबा नव्या टीव्हीला जोडला. मारिओ पळाला. कॉन्ट्राच्या पाढ्यावर तीस जीवही मिळाले. पण बदकं पडेनात. दोन्ही भाच्यांनी आळीपाळीनं नळी काचेला टेकवून घोडा ओढला, तरी पडेनात. बंदूक धडधाकट आहे. तिनं बघायच्या क्षणी चौकोन आलेला नसतो आणि तो येतो तेव्हा तिचं बघून झालेलं असतं. मला त्याचं मनापासून वाईट वाटलं.

दोन्ही घराण्यांची सोयरीक जमवायचा पहिला प्रयत्न आपल्याकडं डिशनं केला. टाटा स्काय 2006 मध्ये आली तेव्हा तिच्यात चॅनेलच्या रांगेत गेमही होते आणि ते साध्या रिमोटवर खेळायचे. पण त्यांत आमच्या डब्याची मजा नव्हती. कारण साधं आहे. टीव्हीचा रिमोट एका वेळी एकाच बटणाचा निरोप पोचवायला घडवलेला. पळ आणि उडी मार हे त्याला एकदम सांगता येत नाही.

टीव्हीला जोडायचे डबे आणि स्टिक काढणाऱ्या कंपन्यांनाही हीच ठेच लागली. ॲपलनं 2015 मध्ये टीव्हीच्या डब्यावर गेम आणले आणि प्रत्येक गेम सोबतच्या रिमोटवर खेळता आलाच पाहिजे असा नियम केला. पुढच्याच वर्षी तो मागं घ्यावा लागला. त्याआधी 2013 मध्ये 'औया' नावाचा शंभर डॉलरचा चिमुकला डबा निव्वळ गेमसाठी निघाला होता, तो दोन वर्षांत बंद पडला. उलट क्रोमकास्ट आणि फायर टीव्ही स्टिक सिनेमा, मालिका, गाणी घेऊन आल्या. फायर स्टिक भारतात एप्रिल 2017 मध्ये 3,999 रुपयांना आली. त्यांच्यावर गेम मागच्या दारानं शिरले आणि टिकले. बेअरचं गणित पुन्हा खरं ठरलं असं मी मानतो. घरातली काच सगळ्यांची असते. तिथं फक्त गेमसाठी म्हणून जागा मागाल तर मिळत नाही, पाहुणा म्हणून आलात तर मिळते.

आमच्या घरच्या स्टिकच्या रिमोटवर मधे एक गोल कडं आहे, त्याच्या चार बाजूंना चार दिशा. योकोईंचं अधिक तिथं गोल होऊन बसलंय. धाकटा त्यावर लुडो खेळतो, बुद्धिबळ खेळतो, नुसती उडी मारायची असते तो धावायचा गेम खेळतो. थोरल्यानं ब्लूटूथचा दोन दांड्यांचा रिमोट जोडलाय. तो सगळी बटणं एकदम सांगू शकतो, आमच्या वायरवाल्यासारखा.

पण खरा लांबचा रिमोट याच्याही पुढं गेला होता. गूगलनं 19 नोव्हेंबर 2019 ला 'स्टेडिया' सुरू केलं. त्यात गेम घरात नसायचाच. तो दूरच्या कुठल्या तरी इमारतीतल्या यंत्रावर चालायचा आणि त्याचं नुसतं चित्र घरी यायचं. त्याचा रिमोट वायफायमधून थेट त्या यंत्राशी बोलायचा, टीव्हीला मधे घ्यायचाच नाही. स्टेडिया आपल्याकडं आलं नाही, पण तीच रीत आता आपल्याकडंही आली आहे. काचेच्या तारेतून उजेड सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. त्या हिशेबानं मुडशिंगीहून मुंबईला जाऊन परत यायला सेकंदाचे चार-पाच सहस्रांश पुरतात. उशीर होतो तो बाकीच्या कामात. तिकडं चित्र दाबून गाठोडं बांधायचं, इकडं ते सोडायचं, त्यात घरातल्या वायफायची ओढाताण. बदकांच्या बंदुकीला जो उशीर मारून गेला, त्याच्याशीच या नव्या खेळाची झुंज चालू आहे.

स्टेडिया 18 जानेवारी 2023 ला बंद झालं. लोकांचे पैसे गूगलनं परत केले, त्यांचे रिमोट ब्लूटूथवर वापरायची सोयही करून दिली. गेम मात्र गेले, कारण ते कुणाच्या घरी नव्हतेच. आमची पिवळी कॅसेट पेटीत नुसती पडून होती, फुंकर मारून बसवली आणि चालली. फुंकरीत काही गुण नाही, उलट तोंडातल्या ओलाव्यानं पिना गंजतात. काढून पुन्हा नीट बसवण्यात गुण असतो. तरी पोरांना मी फुंकर मारायला दिली.

संध्याकाळी सात वाजता आई टीव्हीसमोर येऊन बसली. थोरला गेमच्या मधल्या टप्प्यात अडकला होता. "आज्जी, दोनच मिनिटं." आईनं काही न बोलता टिपॉयवरचा रिमोट उचलला आणि घराचं चित्र असलेलं बटण दाबलं. वायर उपसावी लागली नाही, मुंग्या आल्या नाहीत, मालिका सुरू झाली. थोरल्याचा गेम जिथं होता तिथं थांबून राहिला. धाकटा जमिनीवर बसून वायरच्या रिमोटचे चार स्क्रू पुन्हा घट्ट करत होता.