मास्तरच्या कामाची हद्द

कामाची हद्द लिहिलेली नसली की नोकरीची वेठ होते. हे आपल्याला कुणी शिकवायला नको. 1874 च्या वतन कायद्याखाली मुंबई इलाख्यातला महार सरकारच्या कुठल्याही खात्याला, रात्री-बेरात्री, राबायला बांधलेला होता. बाबासाहेबांनी 1928 साली मुंबई कौन्सिलात त्याविरुद्ध बिल आणलं. त्यातली एक मागणी साधी होती: महाराचं काम कोणतं, ते लिहून द्या.

आपला भंडारा तेव्हा मध्यप्रांतात. इथं तो वतन कायदा नव्हता, पण गावचा कोतवाल होता आणि तो बहुधा आपलाच माणूस. जन्ममृत्यूची खबर ठाण्यात त्यानंच पोचवायची.

आज जिल्हा परिषद शाळेचा मुख्याध्यापक हीच मागणी घेऊन सरकारपुढं उभा आहे. त्याला पगार आहे, संघटना आहे. महाराच्या हाती शिळी भाकर होती. हा फरक विसरायचा नाही. पण सवाल तोच. जनगणना त्याच्याकडं, मतदार यादी त्याच्याकडं, खिचडीच्या तांदळाचा हिशेब त्याच्याकडं, 2015 पासून 'सरल'ची ऑनलाईन माहितीही त्याच्याचकडं.

हद्द नसली की काय होतं ते आणीबाणीत दिसलं. 1976 साली उत्तर प्रदेशात मास्तरांना नसबंदीच्या केसेसचा कोटा दिला, कोटा भरला नाही तर पगार अडवला. शिकवणाराच गरिबाच्या दारात शिकारी होऊन आला.

2007 च्या डिसेंबरात सुप्रीम कोर्टानं सांगितलं, यादीचं नि निवडणुकीचं काम मास्तरला सुटीच्या दिवशी द्या, शिकवण्याच्या वेळेत शक्यतो नको. 2009 च्या शिक्षण हक्क कायद्याचं कलम 27 म्हणतं: जनगणना, आपत्ती आणि निवडणूक सोडून दुसरं बिगरशैक्षणिक काम नाही. पण या तीन दारांतूनच अर्धी शाळा बाहेर जाते.

हिशेब करा. त्याच कायद्यात पहिली ते पाचवीच्या 60 पोरांमागं दोन मास्तर. वेगळा मुख्याध्यापक 150 पोरांच्या वर. म्हणजे लाखांदूर-साकोलीकडच्या लहान गावात मुख्याध्यापक स्वतःच वर्ग घेतो. तो तहसीलला गेला की पाच वर्ग एकाच्या गळ्यात. आणि त्या वर्गात बसलेत कोण? धानाच्या रोवणीला जाणाऱ्या बायांचे पोट्टे. पैसेवाल्याचं पोरगं कॉन्व्हेंटात आहे, त्याचा तास बुडत नाही.

पण खबरदार! मास्तरला त्रास होतो म्हणून खिचडी बंद करा, असं कुणी बोललं तर त्याला तिथंच अडवा. 2001 साली सुप्रीम कोर्टाच्या हुकमानं शिजवलेलं अन्न पोरांच्या ताटात आलं. मोजणीत आपली संख्या हवी. मताची किंमतही आपल्या जिल्ह्याला ठाऊक आहे. 1954 च्या पोटनिवडणुकीत बाबासाहेब याच भंडाऱ्यातून उभे राहिले आणि पडले. ही कामं झालीच पाहिजेत. त्यासाठी वेगळी माणसं भरा, त्यांना पुरा पगार द्या. गावात शिकून रिकामी बसलेली पोरं कमी नाहीत.

गिरणीत आम्ही आधी विचारतो: माझं खातं कोणतं? मुख्याध्यापक तेच विचारतोय. त्याच्या निवेदनाखाली सही करायला पालक म्हणून आपण जाऊ. आणि सही झाली की त्यालाही विचारू: गुरुजी, आता वर्गात पूर्ण वेळ शिकवणार ना?