पिस्तूल साफ करताना

दिवाळी संपली की टिकल्यांचं पिस्तूल माळ्यावर जातं आणि पुढच्या वसुबारसेला खाली काढावं तर त्याचा घोडा गंजून बसलेला असतो. आमच्या घरी तसं कधी होत नसे. भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी अण्णा, म्हणजे माझे वडील, आम्हा भावंडांची पिस्तुलं गोळा करत, त्यांवर उकळतं पाणी ओतत, फडक्याने कोरडी करत आणि शिवणयंत्राच्या तेलाचा एक थेंब घोड्यावर सोडत. लोखंडावर पाणी ओतणारा माणूस म्हणून शेजारी हसायचे. अण्णांचं उत्तर ठरलेलं असे : “पाणी नाही रे खात लोखंडाला, मीठ खातं.”

अण्णा जिल्हा पोलीस मुख्यालयात आर्मरर होते. शस्त्रागाराला पोलिसांच्या बोलीत ‘कोत’ म्हणतात, त्या कोतात त्यांची पंचवीस वर्षं गेली. मिठाची गोष्ट त्यांना त्यांच्या उस्तादांनी सांगितली होती. तिच्यामागचं कारण त्यांना ठाऊक नव्हतं. मला ते पंचेचाळिशी ओलांडल्यावर सापडलं, तेही दुसरंच काही शोधत असताना. ते दुसरं काय, ते पुढे येईल.

जुन्या काळ्या दारूच्या बंदुकीत हा प्रश्न वेगळ्या रूपात होता. काळी दारू जळली की नळीत काजळीचा जाड थर बसतो आणि तो पाण्यात विरघळतो. त्यामुळे बंदूकवाला गजाला चिंधी गुंडाळून, गरम पाण्याने नळी धुऊनच बंदूक ठेवत असे. १८०७मध्ये अलेक्झांडर फॉर्साइथ या स्कॉटिश पाद्र्याने आघाताने पेटणाऱ्या स्फोटक मिश्रणाचं पेटंट घेतलं आणि पुढे चकमक जाऊन टोपी आली. या टोपीत पोटॅशियम क्लोरेट असे. आपल्या टिकलीतही तेच असतं, लाल फॉस्फरसबरोबर. क्लोरेट जळलं की पोटॅशियम क्लोराइड उरतं. हे स्वयंपाकघरातल्या मिठाचंच भावंड. पावसाळ्यात मिठाच्या बरणीला पाणी सुटतं ते ज्या गुणामुळे, त्याच गुणामुळे हे नळीतलं मीठ हवेतला ओलावा ओढून घेतं.

काळी दारू होती तोवर पाण्याने काजळीबरोबर हे मीठही निघून जाई. १८८४मध्ये फ्रान्समध्ये पॉल व्हिएल याने बिनधुराची दारू तयार केली आणि घोटाळा इथे झाला. नळी आता स्वच्छ दिसू लागली. लोक तेलाचं बोट फिरवून शस्त्र ठेवून देऊ लागले आणि चार दिवसांनी पाहिलं की आत तांबडं. सगळ्यांनी दोष दिला नव्या दारूला : तिच्या धुरातलं आम्ल लोखंड खातं म्हणे. त्या आम्लावर उतारा म्हणून नाना द्रावणं निघाली. अमेरिकेत १९०३मध्ये हॉप्पे यांचं ‘नंबर नाइन’, पुढच्याच वर्षी जर्मनीत ‘बॅलिस्टॉल’. दोन्ही आजही मिळतात. १९२२मध्ये अमेरिकेच्या खाण विभागातल्या विल्बर्ट हफ यांनी तेलाच्या थराखाली होणाऱ्या गंजावर एक शोधनिबंध काढला आणि खरा गुन्हेगार टोपीतलं मीठ आहे, हे दाखवून दिलं. तेलात मीठ विरघळत नाही. मिठावर तेल लावणं म्हणजे चोराला घरात ठेवून बाहेरून कडी घालणं. मीठ काढायला पाणीच हवं.

गंमत अशी की ब्रिटिश फौजेत नळीला फनेल लावून उकळतं पाणी ओतण्याची रीत हफच्या आधीपासून होती. शिपायाला उपाय माहीत होता, कारण शास्त्रज्ञाला नंतर कळलं. १९२०च्या दशकाच्या अखेरीस बिनक्षाराच्या टोप्या बाजारात आल्या, तरी अमेरिकन सैन्याने आपल्या .४५ पिस्तुलाच्या गोळ्यांत जुनंच मिश्रण दुसऱ्या महायुद्धातही चालू ठेवलं. वर्षानुवर्षं कोठारात टिकतं, हा त्याचा गुण होता.

आता पिस्तुलाकडे. मराठी वाचकाला अर्धस्वयंचलित पिस्तूल पहिल्यांदा भेटतं ते नाशकात. २१ डिसेंबर १९०९ रोजी विजयानंद थिएटरात, ‘शारदा’च्या प्रयोगाला आलेल्या कलेक्टर जॅक्सनवर अनंत कान्हेरे यांनी गोळ्या झाडल्या. लंडनहून सावरकरांनी चतुर्भुज अमीन यांच्याबरोबर पाठवलेल्या वीस ब्राउनिंग पिस्तुलांची गोष्ट आपल्याला पाठ आहे. मी मात्र ती आर्मररच्या मुलासारखी वाचतो. बेल्जियममधल्या लिएज गावच्या कारखान्यात ब्राउनिंगची पिस्तुलं बनू लागून तेव्हा जेमतेम दहा वर्षं झाली होती. म्हणजे नाशकात आलं ते जगातलं अगदी ताजं यंत्र होतं.

रिव्हॉल्व्हर आणि हे यंत्र यांत मोठा फरक आहे. रिव्हॉल्व्हरचं चक्र हाताच्या जोराने फिरतं. पिस्तूल आपलं काम उडालेल्या गोळीच्याच धक्क्याने करून घेतं : स्लाइड मागे जाते, रिकामं काडतूस बाहेर फेकते, स्प्रिंगच्या जोराने पुढे येताना मॅगझिनमधून नवी गोळी उचलून चेंबरमध्ये ढकलते. या येण्याजाण्यात कुठे काजळी साचली, स्प्रिंग थकली किंवा मॅगझिनचे ओठ वाकले की यंत्र अडतं. म्हणून पिस्तुलाच्या इतिहासात साफसफाई ही रचनेचीच बाब ठरली. मार्च १९११मध्ये अमेरिकन सैन्याने ब्राउनिंगचं कोल्ट पिस्तूल तपासलं तेव्हा सहा हजार गोळ्या झाडल्या. दर शंभर गोळ्यांनंतर ते थंड होऊ द्यायचं, दर हजार गोळ्यांनंतर साफ करून तेल द्यायचं. ते एकदाही अडलं नाही. त्याच्याबरोबर उतरलेलं सॅव्हेज कंपनीचं पिस्तूल सदतीस वेळा अडलं. नंतर चिखल, वाळू, आम्लाने आणलेला गंज, सगळं करून पाहिलं. २९ मार्चला कोल्ट स्वीकारलं गेलं.

अण्णांची हत्यारं साधी होती. पुलथ्रू म्हणजे वजन बांधलेली दोरी, तिच्या फासात चिंधी अडकवून नळीतून ओढायची. चिंधीचं मापसुद्धा ठरलेलं : रायफल पुसायला चार बाय दोन इंच, तेल लावायला चार बाय दीड. एनसीसीत गेलेल्या वाचकांना हे आठवेल. पिस्तुलाची नळी आखूड, तिला गज आणि ब्रश पुरे. मागून पुढे ढकलायचा, म्हणजे घाण चेंबरकडे येत नाही. एकेकाळी साहेबाच्या बंदुकीला ‘रंगून ऑइल’ लागे, ते ब्रह्मदेशातल्या खनिज तेलाचं. अण्णांना तेलाचा हव्यास आवडत नसे. जास्त तेलावर धूळ बसून चिकटा होतो आणि टोपीत तेल झिरपलं तर गोळी फुसकी निघते. मॅगझिन आतून कोरडंच ठेवायचं. “जेवणानंतर तोंड पुसतो तेवढं तेल,” असं ते म्हणत. ही उपमा मला कधी कळली नाही, पण प्रमाण कळलं.

गंजाचा एवढा इतिहास सांगितला, तरी पिस्तूल साफ करताना माणूस दगावतो तो गंजाने नव्हे. रिव्हॉल्व्हरच्या चक्रात गोळ्यांची पितळी बुडं बाजूने डोकावतात. पिस्तुलात मॅगझिन काढून घेतलं तरी एक गोळी चेंबरमध्ये राहू शकते आणि ती बाहेरून दिसत नाही. म्हणून क्रम ठरला आहे. नळी सुरक्षित दिशेला, बोट चापाबाहेर. आधी मॅगझिन काढायचं. मग स्लाइड मागे ओढून तिथेच अडकवायची. मग चेंबरमध्ये डोळ्यांनी पाहायचं आणि करंगळीने चाचपायचं. गोळ्या त्या टेबलावर ठेवायच्याच नाहीत. क्रम उलटला, म्हणजे मॅगझिन आत असतानाच स्लाइड ओढली, की चेंबरमधली गोळी बाहेर उडते आणि परतणारी स्लाइड दुसरी आत भरते. आता मॅगझिन काढा. हातात रिकामं वाटणारं, भरलेलं पिस्तूल आहे.

१९८५च्या विधानसभा निवडणुकीआधी परवान्याची शस्त्रं जमा करून घेतली होती. त्यात एक विलायती .३२ पिस्तूल होतं. ते आणणाऱ्या शिपायाने नेमका हाच उलटा क्रम केला. गोळी टणकन बाहेर पडली, ती त्याने खिशात टाकली, मग मॅगझिन काढलं आणि म्हणाला, “खाली केलंय, अण्णा.” अण्णांनी ते डाव्या हातात धरलं आणि घोडा उतरवायला चाप ओढला. गोळी त्यांच्याच डाव्या तळव्यातून गेली. अनामिका आणि करंगळी पुढे कधी मिटल्या नाहीत. चौकशी झाली, एक वेतनवाढ रोखली गेली. ‘शस्त्र साफ करीत असताना निष्काळजीपणामुळे गोळी सुटली’ हे वाक्य त्या आदेशात आहे. त्यात शिपायाचा उल्लेख नाही.

तो कागद मला अण्णा गेल्यावर ट्रंकेत सापडला. तो खोटा ठरवावा म्हणूनच मी शोधायला बसलो. आणि काही हाती लागलंही. ब्राउनिंग १९२६मध्ये वारला. त्याने सुरू केलेलं नऊ एमएमचं ‘हाय-पॉवर’ दियुदोने सेव्ह याने १९३५मध्ये पुरं केलं. फ्रेंच सैन्याच्या अटीमुळे त्यात एक खिट्टी आली : मॅगझिन काढलं की चाप निकामी. आपल्या ईशापूरच्या रायफल फॅक्टरीचं ‘वन-ए’ पिस्तूल याच घराण्यातलं आणि कोतात अण्णांचा हात रोज याच घराण्याच्या पिस्तुलांवर फिरे. मॅगझिन काढलेलं पिस्तूल सुटत नाही, हे त्यांच्या बोटांनी वर्षानुवर्षं अनुभवलं होतं. त्या खासगी .३२मध्ये अशी खिट्टी नव्हती. या खिट्टीला दुसरीही बाजू आहे : हाय-पॉवर रिकामं करून घोडा उतरवायचा तर रिकामं मॅगझिन पुन्हा आत घालावं लागतं, म्हणजे सुरक्षिततेसाठीच क्रम मोडावा लागतो. अलीकडच्या ग्लॉक पिस्तुलाचे भाग सुटे करण्याआधी चाप ओढावाच लागतो. तिथे तर चेंबर पाहिलं नसेल तर यंत्रच माणसाकडून गोळी सुटवून घेतं.

हे सगळं मांडून आदेशातलं वाक्य अपुरं आहे, असं मी म्हणू शकतो. खोटं आहे, असं म्हणता येत नाही. शिपाई चुकला, खिट्टीने सवय बिघडवली, पण करंगळी चेंबरमध्ये घालायची राहिली ती अण्णांचीच. एकदाच मी विषय काढला होता. ते म्हणाले, “त्याने सांगितलं, मी ऐकलं. बघायला हवं होतं.” अपील त्यांनी केलं नाही.

त्यांच्या शेवटच्या दिवाळीत माझा मुलगा सात वर्षांचा होता. भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी पाणी उकळलं. अण्णांनी त्याचं टिकल्यांचं पिस्तूल त्या दोन ताठ बोटांच्या हातात घेतलं, झाकण उघडलं, उरलेली टिकल्यांची गुंडाळी काढून लांब खिडकीत ठेवली आणि पिस्तूल नातवापुढे धरलं. “बघ आत,” म्हणाले. त्याने पाहिलं. “काही नाही, आजोबा.” “आता बोट घाल.”