पाण्यातून माईकपर्यंत : डोना डी व्हेरोना

आज बचतीचं, कर्जाचं, व्याजाचं काही बोलणार नाही. आज एका पोहणाऱ्या मुलीचा इतिहास सांगायचाय. मुलगी अमेरिकेतली, गोष्ट साठ वर्षांपूर्वीची. तरी आम्ही ती निवडली, कारण बैठकीला गेलं की एक प्रश्न दरवेळी कानावर येतो. कुणाची तरी पोर कबड्डीत तालुक्याला निवडली गेलेली असते, सर घरी येऊन जिल्ह्याला न्यायचं म्हणतात, आणि आई आम्हाला विचारते, "पण ताई, खेळून पुढं काय?" प्रश्न चुकीचा नाही. या डोनालाही सतराव्या वर्षी तोच प्रश्न पडला होता, आणि तेव्हा तिच्याकडं ऑलिंपिकची दोन सुवर्णपदकं होती.

डोना डी व्हेरोनाचा जन्म १९४७ चा, कॅलिफोर्निया राज्यातला. लहानपणी तिला भावासारखं बेसबॉल खेळायचं होतं. बेसबॉल म्हणजे आपल्या विटीदांडूचा आणि क्रिकेटचा लांबचा भाऊच समजा. अमेरिकेत गावोगावी मुलांच्या बेसबॉलची 'लिटल लीग' नावाची संस्था होती, पण तिच्या नियमात मुलींना बंदी. ही बंदी उठली १९७४ ला. तोवर डोना सत्तावीस वर्षांची झालेली. तर लहान डोनाला मैदान मिळालं नाही, म्हणून ती पाण्यात उतरली.

आपल्याकडं पाठीला भोपळा नाहीतर प्लॅस्टिकचा कॅन बांधून विहिरीत पोरं टाकतात, त्यात पोरी किती असतात ते तुम्हीच मोजा. डोनाला सांता क्लारा इथला पोहण्याचा क्लब मिळाला आणि जॉर्ज हेन्स नावाचे शिकवणारे मिळाले. तिची खास शर्यत होती ४०० मीटर मेडली. मेडली म्हणजे एकाच शर्यतीत चार तऱ्हांनी पोहायचं. आधी दोन्ही हात एकदम उचलून फुलपाखरासारखं, मग उताणं, मग बेडकासारखे पाय मारत, आणि शेवटी आपल्याला जमेल तसं जोरात. एका प्रकारात तरबेज असून भागत नाही, चारही यावे लागतात. घर, रान, ढोरं आणि गट एका दिवसात सांभाळणाऱ्या बाईला हे वेगळं समजवायला नको.

१९६० साली, तेरा वर्षांची असताना, तिनं या शर्यतीत जागतिक विक्रम केला. त्याच वर्षी रोमच्या ऑलिंपिकला गेलेल्या अमेरिकेच्या चमूत ती सगळ्यात लहान. पण गंमत अशी की तिची शर्यत तेव्हा ऑलिंपिकमध्ये नव्हतीच. पदक न घेता ती परत आली. चार वर्षं आणखी पाणी कापलं. १९६४ ला टोकियोच्या ऑलिंपिकमध्ये ४०० मीटर मेडली पहिल्यांदा ठेवली गेली आणि पहिलं सुवर्णपदक डोनाचं झालं. दुसरं सुवर्ण तिनं चौघींच्या रिलेत मिळवलं.

आणि मग ती थांबली. सतरा वर्षांची होती, हातपाय धड होते, वेग कमी झालेला नव्हता. तरी थांबली.

का, ते समजायला तिच्याच क्लबातल्या एका मुलाकडं बघा. डॉन शोलँडर त्याचं नाव. टोकियोत त्यानं चार सुवर्णपदकं जिंकली. तिथून तो येल विद्यापीठात गेला, तिथल्या संघातून पोहत राहिला आणि चार वर्षांनी मेक्सिकोच्या ऑलिंपिकमध्ये पुन्हा पदकं घेऊन आला. मुलांना कॉलेजात संघ होते, शिकवणारे होते, तलाव होता, बऱ्याच कॉलेजांत खेळासाठी शिष्यवृत्ती होती. मुलींना यातलं जवळजवळ काहीच नव्हतं. येल विद्यापीठानं तर पदवीच्या वर्गात मुली घ्यायला सुरुवात केली १९६९ मध्ये. एकाच पाण्यात सराव केलेली दोन पोरं. एकाला पुढं वाट होती, दुसरीची वाट तलावाच्या काठाशी संपत होती. "खेळून पुढं काय?" या प्रश्नाचं उत्तर पोरीच्या अंगात नसतं, ते व्यवस्थेत असतं, असं आम्हाला इथं वाटतं. तुम्हाला काय वाटतं ते कळवा.

आता टीव्हीचं. अमेरिकेत एबीसी नावाची मोठी टीव्ही कंपनी. तिचा 'वाइड वर्ल्ड ऑफ स्पोर्ट्स' हा कार्यक्रम १९६१ पासून चालायचा, देशोदेशीचे खेळ दाखवायचा. १९६५ साली या कार्यक्रमात पोहण्याच्या शर्यतींबद्दल बोलायला डोनाला घेतलं. सतरा-अठरा वर्षांची पोर! तोवर मोठ्या टीव्ही कंपन्यांवर खेळाबद्दल बोलायचं काम पुरुषांचं. बाई दिसली तर प्रेक्षकांत, नाहीतर साबणाच्या जाहिरातीत. देशभर दिसणाऱ्या टीव्हीवर खेळाचं समालोचन करणाऱ्या पहिल्या बायकांत डोनाचं नाव घेतात. १९६८ ला मेक्सिकोच्या ऑलिंपिकमध्ये शोलँडर पाण्यात होता आणि डोना एबीसीकडून काठावर, माईक घेऊन.

माईकसमोर बोलणं सोपं नसतं, हे आपल्या या रेडिओवर पहिल्यांदा आलेल्या प्रत्येक बाईला माहीत आहे. घसा कोरडा पडतो, लाल दिवा लागला की स्वतःचं नावसुद्धा आठवत नाही. समालोचनाचं काम त्याहून अवघड. डोळ्यांपुढं जे चाललंय ते सगळ्यांना दिसतंच, जे दिसत नाही ते सांगायचं असतं. पाण्यात वळताना भिंतीला पाय कसा मारला, दम कुठं संपला, पुढचीनं ताकद कधी राखून ठेवली. हे पोहलेल्या माणसालाच कळतं. डोनाकडं पत्रकारितेचं शिक्षण नव्हतं, पण पाण्याचं शिक्षण होतं, आणि बाकीचं ती काम करता करता शिकली. पदवी तिनं पुढं १९८६ ला घेतली, राज्यशास्त्रात, चाळिशीला टेकल्यावर. आपल्या गटातल्या ज्या बाया आता मुक्त विद्यापीठाचे फॉर्म भरतायत, त्यांनी हे साल लिहून ठेवायला हरकत नाही.

इथून पुढं तिला डोनाताई म्हणू. आमच्या आयांपेक्षाही वयानं मोठ्या आहेत त्या.

डोनाताईंचं पुढचं काम पडद्यावर कमी दिसतं, पण आमच्या मते तेच जास्त महत्त्वाचं. १९७८ च्या सुमारास त्या एनबीसी या दुसऱ्या कंपनीत गेल्या, काही वर्षांनी एबीसीत परतल्या. तिथले मोठे साहेब होते रून आर्लेज. त्यांच्या विशेष साहाय्यक म्हणून डोनाताई १९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकच्या तयारीत होत्या. म्हणजे नुसतं बोलायचं नाही, काय दाखवायचं त्याच्या चर्चेत बसायचं. टीव्हीत खरी सत्ता इथं असते. कॅमेरा कुठं लावायचा, कोणती शर्यत संध्याकाळी सगळे घरी असताना दाखवायची आणि कोणती मध्यरात्री ढकलायची, हे ठरवणाऱ्या टेबलाशी बायका फार कमी बसत. ग्रामसभेत बाया खाली सतरंजीवर आणि निर्णय वर खुर्च्यांवर, तसंच ते. पुढं डोनाताईंनी स्वतःची कार्यक्रम बनवणारी कंपनीही काढली. १९९१ मध्ये त्यांना एमी हा टीव्हीचा मानाचा पुरस्कार मिळाला, तो कुठल्या जगज्जेत्यावरच्या कामासाठी नाही, तर स्पेशल ऑलिंपिक्समधल्या, म्हणजे बौद्धिक अपंगत्व असलेल्यांच्या स्पर्धेतल्या, एका खेळाडूवर केलेल्या वार्तांकनासाठी.

लॉस एंजेलिसचं नाव निघालंच आहे तर जरा थांबू. त्या वर्षी बायकांची मॅरेथॉन ऑलिंपिकमध्ये पहिल्यांदा झाली. तोवर बायकांना सगळ्यात लांब पळायची मुभा होती ती दीड हजार मीटर! लांब पळणं बायकांना झेपत नाही असं समजणारे लोक होते. आमच्या आज्या डोक्यावर हंडा आणि कडेवर पोर घेऊन रोज किती चालायच्या, ते त्यांना कुणी दाखवायला हवं होतं. बायकांची ४०० मीटर अडथळ्यांची शर्यतही त्याच वर्षी पहिल्यांदा आली, आणि तिच्यात आपली पी. टी. उषा सेकंदाच्या शंभराव्या भागानं पदकाला मुकली, चौथी आली. त्यानंतर मैदानावरच्या धावण्याच्या अंतिम शर्यतीत दुसरी भारतीय बाई पोचायला ३२ वर्षं लागली. ती सातारा जिल्ह्यातल्या माण तालुक्याची, मोही गावची ललिता बाबर. २०१६ ला रिओमध्ये अडथळे आणि पाण्याचा खड्डा ओलांडत ३००० मीटर पळायच्या शर्यतीत ती दहावी आली. दुष्काळी माणची पोर पाण्याच्या खड्ड्यावरून उड्या मारत जगात दहावी! असो. ललिताचा कार्यक्रम वेगळा करू.

आता कायद्याकडं येऊ, कारण डोनाताईंच्या आयुष्याचा हा दुसरा अर्धा भाग. १९७२ च्या जून महिन्यात अमेरिकेत एक कायदा झाला. त्याला तिथं 'टायटल नाइन' म्हणतात, म्हणजे नववं कलम. मूळ इंग्रजीत जेमतेम ३७ शब्दांचं वाक्य, आणि त्यात खेळ हा शब्दच नाही. अर्थ असा, की सरकारचा पैसा घेणाऱ्या शिक्षणसंस्थेला बाई किंवा पुरुष म्हणून कुणाला वगळता येणार नाही. शाळेला सरकारी पैसा आहे आणि शाळेत खेळाचा संघ आहे, मग तो मुलींसाठीही हवा. त्या शैक्षणिक वर्षात तिथल्या हायस्कुलांत खेळणाऱ्या मुली होत्या ३ लाखांहून थोड्या कमी, आणि मुलगे ३६ लाखांहून जास्त. आता मुलींचा आकडा ३० लाखांच्या वर गेला आहे. बारा मुलग्यांमागे एक मुलगी होती, तिथून एवढा फरक.

पण कायदा झाला म्हणजे काम झालं असं कुठं असतं? नियम ठरायला वेळ लागला, पळवाटा शोधल्या गेल्या. १९८४ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाच्या एका निकालानं कायद्याची धार बोथट झाली. १९८८ मध्ये संसदेनं नवा कायदा करून ती परत आणली. या सगळ्या काळात डोनाताई टीव्हीची नोकरी सांभाळून राजधानी वॉशिंग्टनला चकरा मारत होत्या, खासदारांना भेटत होत्या. टेनिस खेळणाऱ्या बिली जीन किंग यांनी १९७४ मध्ये विमेन्स स्पोर्ट्स फाउंडेशन ही संस्था काढली. १९७९ पासून पाच वर्षं डोनाताई तिच्या अध्यक्ष होत्या. टीव्हीवरच्या ओळखीचा त्यांनी असा उपयोग केला. चेहरा माहीत असला की दार उघडतं. आत जाऊन काय मागायचं हे मात्र आधी ठरवून जावं लागतं, आणि ते त्यांचं ठरलेलं होतं.

१९९८ ला त्या ५१ वर्षांच्या असताना एबीसीनं त्यांना कामावरून दूर केलं. तीस वर्षांपेक्षा जुना संबंध. २००० साली डोनाताई कोर्टात गेल्या. त्यांची तक्रार अशी, की वय वाढलं आणि त्यातून बाई, म्हणून आपल्याला काढलं. भरपाई मागितली ती ५ कोटी डॉलरची. टीव्हीवर पुरुषाचे केस पांढरे झाले की त्याला अनुभवी म्हणतात, बाईचे झाले की दुसरी शोधतात, हे आपण घरबसल्या बातम्यांतही बघतो. प्रकरण पुढं तडजोडीनं मिटलं.

मधल्या वर्षात काय झालं ते ऐका. १९९९ चा बायकांचा फुटबॉल विश्वचषक अमेरिकेत होता आणि संयोजन समितीच्या अध्यक्ष होत्या डोनाताई. बायकांचे सामने बघायला कोण येणार, लहान मैदानं घ्या, असा सल्ला बऱ्याच जाणत्यांचा होता. समितीनं उलट केलं, देशातली मोठी मैदानं घेतली. धोका होताच. रिकाम्या खुर्च्या टीव्हीवर दिसल्या असत्या तर पुढची वीस वर्षं तेच चित्र तोंडावर फेकलं गेलं असतं. १० जुलैला कॅलिफोर्नियातल्या रोझ बोल मैदानावर अमेरिका आणि चीनचा अंतिम सामना झाला. लोक आले ९०,१८५. बरोबरी सुटेना, शेवटी पेनल्टीवर अमेरिका ५-४ जिंकली. तो सामना अमेरिकेत दाखवला कुणी? एबीसीनं. वर्षापूर्वी डोनाताईंना घरी पाठवलेल्या कंपनीनं. आम्हाला तर हे वाचून हसू आवरलं नाही.

शेवटचा प्रसंग सह्यांचा आहे. आपल्याकडं ठरावाचं पुस्तक फिरतं, "ताई, इथं सही करा" म्हटलं की पुष्कळ जणी वर काय लिहिलंय ते न बघता करतात, शेजारणीनं केली म्हणून. २००२ मध्ये अमेरिकेच्या सरकारनं टायटल नाइनचे नियम तपासायला १५ जणांचा आयोग नेमला. मुलींमुळं मुलांचे संघ बंद पडतात, अशी ओरड तेव्हा सुरू होती. आयोगात डोनाताई होत्या आणि विश्वचषक जिंकलेल्या संघातली ज्युली फाउडीही होती. २००३ मध्ये अहवाल तयार झाला. मुलींसाठीचे नियम सैल होतील अशा शिफारशी त्यात होत्या. या दोघींनी त्यावर सही करायला नकार दिला आणि आपला वेगळा अहवाल लिहून मांडला. शिक्षणमंत्री म्हणाले, सगळ्यांचं एकमत असलेल्या शिफारशींचाच आपण विचार करू. त्याच वर्षीच्या जुलैमध्ये शिक्षण खात्यानं शाळा-कॉलेजांना पत्र पाठवलं की नियम आहेत तसेच राहतील.