गोळी चुकली असती तर वर्धा नसतं

जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत राजेंद्र देशपांडे नावाचा एक काल्पनिक शास्त्रज्ञ आहे. त्याचे स्नेही, इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे, ट्रकची धडक बसल्यावर भलत्याच हिंदुस्थानात जाऊन येतात. तिथं पानिपत मराठ्यांनी जिंकलेलं असतं. हे घडलं कसं, याचा उलगडा राजेंद्र कॅटास्ट्रॉफी थिअरी आणि क्वांटम सिद्धान्ताच्या आधारे करतो. कारणं हळूहळू साचत जातात, पण परिणाम एका क्षणात या बाजूला किंवा त्या बाजूला उडी मारतो, असा त्याच्या म्हणण्याचा गाभा. तो क्षण नेमका कुठला, हे बघायचं तर 14 जानेवारी 1761 चा दिवस तासातासानं उलगडावा लागतो. वेळा अर्थातच ढोबळ. घड्याळ पाहून कोणी लढत नव्हतं.

पहाटे 3. पौष शुद्ध अष्टमी, बुधवार. मराठ्यांचे सेनापती सदाशिवरावभाऊ यांची शेवटची चिठ्ठी अफगाणांच्या बाजूच्या शुजाउद्दौल्याच्या पदरी असलेल्या काशीराज पंडिताला मिळते. तहाची आशा संपली आहे. अडीच महिन्यांच्या कोंडीनं छावणीतलं धान्य संपलंय, जनावरं मेलीत. रसद पाठवणारे गोविंदपंत बुंदेले डिसेंबरातच मारले गेले. उपाशी मरण्यापेक्षा लढून मरू, असं म्हणत फौज निघाली आहे. सोबत बायका-पोरं, यात्रेकरू, बाजारबुणगे. आपल्या वर्ध्याकडचा मुलूख तेव्हा नागपूरकर भोसल्यांचा. पण जानोजी पानिपतावर नव्हते. त्यांचे घोडेस्वार असते तर काय, हा प्रश्न विदर्भात अजून निघतो आणि चहा गार होईपर्यंत चालतो.

सकाळी 9. इब्राहिमखान गारद्याच्या पलटणी रोहिल्यांवर तुटून पडतात. त्याची योजना गोलाची: पायदळानं आणि तोफांनी कडं धरायचं, घोडदळानं आत राहून दिल्लीच्या दिशेनं सरकायचं. रोहिल्यांची फळी फुटते. तेवढ्यात विठ्ठल शिवदेव आणि दमाजी गायकवाड यांचे स्वार पुढं घुसतात, गारद्यांच्या बंदुका अडतात आणि गोल मोडतो. गनिमी काव्यात मुरलेल्या सरदारांना उभं राहून वाट पाहणं जमलं नाही, यात मला नवल वाटत नाही.

दुपारी 12. भाऊंची हुजुरात अफगाण मध्यावर आदळते आणि तिथली फळी खचते. वजीर शहावलीखान घोड्यावरून उतरून जमिनीवर बसलाय. काबूल लांब आहे, पळून जाणार कुठं, अशा अर्थाचं तो पळणाऱ्यांना विनवतोय. कोणी थांबत नाही. या तासाला युद्ध कोण जिंकतंय असं विचारलं असतं तर उत्तर सरळ होतं.

दुपारी 1. अफगाण बादशहा अब्दालीकडं राखीव फौज आहे. पळणाऱ्यांना तो दंडुक्याच्या धाकानं परत फिरवतो आणि ताज्या दमाचे लोक वजिराच्या मदतीला पाठवतो. उंटांवरची जंबुरकी सुरू होतात. भाऊंकडं राखीव असं काही उरलेलं नाही. माणसं सकाळपासून उपाशी, घोडी थकलेली, मोहरा दक्षिणेला आणि सूर्यही तिकडंच, थेट डोळ्यांत.

दोन वाजून गेल्यावर. पेशव्यांचे थोरले चिरंजीव, 18 वर्षांचे विश्वासराव, गोळी लागून पडतात. भाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर बसतात आणि गर्दीत शिरतात. मागच्यांना दिसते ती रिकामी अंबारी.

नारळीकरांनी बोट ठेवलं ते इथं. त्यांच्या कथेतल्या बखरीत गोळी विश्वासरावांना चाटून जाते, आणि पुढचा इतिहास दुसऱ्या वाटेनं जातो. विश्वासराव आणि माधवराव राज्य वाढवतात, कंपनी मुंबईसारख्या चार-दोन ठिकाणी अडकून पडते. राजेंद्रचं गणित मला पटतं ते अर्धंच. एकच्या सुमारास राखीव फौज सुटली होती. गोळी चुकून ती परत गेली नसती. पण कथेला एक क्षण लागतो, आणि तराजू हलता राहिलेला शेवटचा क्षण हाच होता, हे मान्य.

दुपारी 3. फौज उधळते. भाऊ दिसेनासे होतात. मल्हारराव होळकर निसटतात. पुढं कत्तल.

या तीन वाजण्याचे पडसाद आमच्याकडं शंभर वर्षांनी पोचले. मराठी सत्ता ओसरत गेली. 1853 च्या डिसेंबरात तिसरे रघूजी भोसले निपुत्रिक वारले आणि डलहौसीनं नागपूर खालसा केलं. 1862 मध्ये इंग्रजांनी वर्धा जिल्हा वेगळा पाडला, कचेरी पुलगावजवळच्या कवठ्याला. 1866 मध्ये पालकवाडी या खेड्याच्या जागी सरळ रस्ते आखून नवं गाव वसवलं. ते हे वर्धा. पाठोपाठ नागपूरकडं जाणारा लोहमार्ग आला आणि कापसाच्या गाठी मुंबईला जाऊ लागल्या.

म्हणजे गंगाधरपंत त्यांच्या त्या हिंदुस्थानात मुंबईऐवजी इकडं आले असते, तर त्यांना वर्धा स्टेशन सापडलंच नसतं. पालकवाडी असती, पवनार असतं, केळझरचा किल्ला असता. या मुलखातून हाकलायला इंग्रज नाहीत, म्हणून 1936 मध्ये शेजारच्या शेगावात मुक्कामाला आलेले गांधीजीही नाहीत. बुलढाण्याच्या शेगावशी टपालाचा घोळ होतो म्हणून त्या गावाचं नाव 1940 मध्ये सेवाग्राम झालं. त्या जगात एवढी पत्रंच तिथं कोणी पाठवली नसती.