देहप्रतिमा आणि खासगी दृश्यदफ्तर : फर्दापूर परिसराच्या संदर्भात

देहप्रतिमेचा प्रश्न हाताळणाऱ्या माहितीपटांत घरगुती चित्रणाला पुराव्याचे मूल्य दिले जाते. आनंद पटवर्धन यांच्या 'द वर्ल्ड इज फॅमिली' (२०२३) मध्ये त्यांनी घरीच टिपलेली वृद्ध आईवडिलांची दृश्ये आहेत. थकत जाणारा देह तेथे अवघडत नाही, कारण कॅमेरा मुलाच्या हाती आहे. अशा चित्रणाचे महत्त्व त्याच्या जुनेपणापेक्षा टिपणारा आणि टिपला जाणारा यांच्यातील नात्यात असते. हे नाते ज्ञात असूनही चित्रण हाती नसेल, तर काय घडते? फर्दापूर परिसराचा इतिहास या दृष्टीने बोलका आहे.

सोयगाव तालुक्यातील फर्दापूर हे अजिंठा लेण्यांलगतचे गाव. अजिंठा हे गाव घाटमाथ्यावर, सिल्लोड तालुक्यात. लेण्यांतील देहचित्रे आधुनिक जगाला प्रथम कळली ती प्रतिकृतींतून. मद्रास लष्करातील रॉबर्ट गिल याची या कामावर १८४४ मध्ये नियुक्ती झाली. त्याने वर्षानुवर्षे केलेल्या तैलप्रतिकृतींपैकी बहुतेक १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमधील आगीत नष्ट झाल्या. तत्पूर्वी तो छायाचित्रणाकडे वळला होता आणि १८६४ मध्ये त्याची छायाचित्रे फर्ग्युसनच्या मजकुरासह ग्रंथरूपाने आली. जॉन ग्रिफिथ्स व जे. जे. कलाशाळेच्या विद्यार्थ्यांनी १८७२ पासून केलेल्या प्रतिकृतींचीही १८८५ च्या आगीत मोठी हानी झाली. पुढे १९०९ ते १९११ च्या दरम्यान लेडी हेरिंगहॅम यांचा गट फर्दापूर येथे मुक्कामास होता. त्यात नंदलाल बोस, असितकुमार हलदार हेही होते. ग्रिफिथ्सच्या चमूचा कल घनाकाराकडे, तर या गटाचा रेषेकडे. देह तेच, पण पाहणाऱ्याची तालीम निराळी!

गिलच्या खासगी आयुष्यातील पारोविषयी मात्र भक्कम पुरावा म्हणजे अजिंठा गावातील तिची समाधी. तिच्यावरील लेखात तिचे नाव आणि २३ मे १८५६ ही मृत्यूची तारीख आहे. ती कशी दिसत होती, हे त्या शिळेवरून कळत नाही. लोकस्मृतीने ही उणीव लेण्यांतील स्त्रीचित्रांवरून भरून काढली. ना. धों. महानोरांच्या काव्यावर आधारलेल्या, नितीन चंद्रकांत देसाई दिग्दर्शित 'अजिंठा' (२०१२) या चित्रपटात सोनाली कुलकर्णी यांनी पारोची भूमिका केली आणि अनेकांच्या मनात तोच चेहरा पारोचा म्हणून स्थिरावला. कथाचित्रपटाला ही मुभा आहेच. माहितीपटाला ती सहज घेता येणार नाही. चित्रपटातील प्रसंग निवेदनाखाली जोडले की गिलने पारोला कसे पाहिले हे दाखविल्याचा आभास होतो. वास्तविक प्रेक्षक पाहत असतो ती एकविसाव्या शतकाची सौंदर्यकल्पना. एका ग्रामीण स्त्रीचा अज्ञात देह अशा रीतीने भित्तिचित्रांतील राजस्त्रियांच्या साच्यात बसविला जातो आणि तिची म्हणता येईल अशी एकमेव नोंद, ती शिळा, दोन सेकंदांच्या दृश्यात उरकली जाते. कॅमेऱ्याने अधिक काळ थांबावे ते तिच्यापाशी.